सही जामिनाची, जप्ती घराची!

दारावरची बेल वाजते. बाहेर बँकेचा माणूस नोटीस घेऊन उभा असतो. कर्ज काढलेले असते मेव्हण्याने किंवा ऑफिसातल्या मित्राने. आपण फक्त जामीन म्हणून सही केलेली! पण 1872 च्या करार कायद्याचे कलम 128 सांगते, की जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच. वेगळे काही ठरले नसेल, तर बँक थेट जामीनदारालाही गाठू शकते.

'कोर्टात बघून घेऊ!' हे घरातले पहिले वाक्य. पण कोणत्या कोर्टात? गोंधळ सुरू होतो तो इथेच.

एक बँक, दोन वाटा

सहकारी बँकेला वसुलीच्या दोन वाटा आहेत. पहिली जुनी, सहकार खात्याची. 1959 च्या कर्नाटक सहकारी संस्था कायद्याच्या कलम 70 प्रमाणे बँक निबंधकाकडे दावा लावते. तिथला निवाडा विरुद्ध गेला, तर कलम 105 खाली बंगळुरूच्या कर्नाटक अपील न्यायाधिकरणाकडे दाद मागायची. या वादांसाठी दिवाणी कोर्टाचे दार बंद असते.

दुसरी वाट 2002 च्या 'सरफेसी' कायद्याची. यात बँक कोर्टात न जाताच तारण घराचा ताबा घेऊन ते विकू शकते. पण सहकारी बँक ही या कायद्यासाठी 'बँक' आहे काय? वाद वर्षानुवर्षे चालला. 1993 च्या कर्जवसुली न्यायाधिकरण कायद्याबाबत सर्वोच्च न्यायालयाने 2007 मध्ये 'ग्रेटर बॉम्बे सहकारी बँके'च्या खटल्यात 'नाही' असे उत्तर दिले होते. त्यामुळे कर्जदारांना 'सरफेसी'विरुद्धही जोर चढला.

मुरगूडचा निकाल

या वादावर पडदा पडला तो कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या खटल्यात. विश्वासराव पाटील मुरगूड सहकारी बँकेविरुद्धचे प्रकरण पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढे गेले. 5 मे 2020 रोजी निकाल लागला: सहकारी बँका या 'सरफेसी'खाली बँकाच आहेत आणि वसुली हा बँकिंगचाच भाग आहे. कागल तालुक्यातल्या एका गावाच्या बँकेचा निकाल बंगळुरूपासून बेळगावपर्यंतच्या कर्जदारांना लागू झाला.

मग हाती काय उरते?

बरेच उरते, मात्र तारखा सांभाळाव्या लागतात. नोटीस आल्यावर 60 दिवस मिळतात. त्या काळात लेखी हरकत घेतली आणि ती बँकेला मान्य नसेल, तर 15 दिवसांत कारणे कळवणे तिला भाग आहे. ताब्याची कारवाई झाली, की 45 दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो. तिथे हरल्यावर वरच्या अपिलासाठी मात्र निम्मी रक्कम भरावी लागते. ती फार तर पाव हिश्शापर्यंत कमी होते. तारण शेतजमीन असेल, तर हा कायदा तिला लागूच नाही.

विधानसौधासमोरच्या लाल इमारतीत, म्हणजे कर्नाटक उच्च न्यायालयात, रिट अर्ज घेऊन धावणारेही बरेच. (बेळगाव, निपाणीकरांसाठी 2008 पासून धारवाडचे खंडपीठ आहे.) पण दुसरा मार्ग उपलब्ध असताना 'सरफेसी'च्या कारवाईत उच्च न्यायालयांनी सहसा हात घालू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने 2010 मध्येच बजावले आहे. नोटीसच मिळाली नाही, म्हणणे ऐकूनच घेतले नाही, अधिकारच नव्हता, असे ठोस मुद्दे असतील तरच तिथे आशा. 'धंद्यात खोट आली' हे कारण चालत नाही.

नाण्याची दुसरी बाजू

कर्जदाराची स्थगिती पाहताना ठेवीदाराला विसरून कसे चालेल? जानेवारी 2020 मध्ये रिझर्व्ह बँकेने बंगळुरूच्या बसवनगुडीतील श्री गुरु राघवेंद्र सहकारा बँकेवर निर्बंध घातले. खात्यात कितीही पैसे असोत, काढायचे फक्त 35 हजार! निवृत्तीची पुंजी तिथे ठेवलेल्या वृद्धांची झोप उडाली. पुढच्याच महिन्यात देशभर ठेवींचे विमा संरक्षण 1 लाखावरून 5 लाखांवर गेले, पण त्याहून मोठी ठेव आजही त्या कवचाबाहेरच असते.

सहकारी बँकेचा पैसा म्हणजे शेजाऱ्यापाजाऱ्यांचाच पैसा. म्हणून वसुली हवी, पण नियमाने. आणि जामीन राहताना संकोचापोटी सही करण्याआधी एकदा विचारावे: हे कर्ज उद्या आपल्यालाच फेडावे लागले तर जमेल काय?