दिसूं नये अशी कला

चित्रपट पाहून मंडळी घरीं परतलीं कीं माजघरांत त्याची चर्चा रंगते. नायिकेचा अभिनय, गाणीं, कथेचा शेवट, साऱ्यांचा परामर्श घेतला जातो. पण ज्या घरांत ती कथा घडली तें घर कोणीं उभें केलें, हें सहसा कोणी विचारीत नाहीं. हा प्रश्न सुचूंच न देणें हें ज्यांचें यश, अशा एका कलादिग्दर्शकाची ओळख आम्ही आज वाचकांस करून देत आहोंत.

बन्सी चंद्रगुप्त यांचा जन्म १९२४ सालीं सियालकोट येथें झाला. बालपण काश्मिरांत गेलें. चित्रकार होण्याच्या ओढीनें ते कलकत्त्यास आले. फ्रेंच दिग्दर्शक झां रन्वार हे ‘द रिव्हर’ घेण्यासाठीं बंगालमध्यें आले, तेव्हां त्यांचे कलादिग्दर्शक यूजीन लूरिए यांच्या हाताखालीं बन्सींनीं काम केलें. पुढें ‘पथेर पांचाली’ (१९५५) पासून सत्यजित राय यांच्याशीं त्यांची जोडी जमली.

‘अपराजितो’ (१९५६) मधील काशीचें घर उघड्यावर बांधावें, असा बन्सींचा मूळ बेत होता. पावसाळ्याच्या धास्तीनें तें कलकत्त्याच्या स्टुडिओंत बांधावें लागलें, आणि छायाचित्रकार सुब्रत मित्र यांनीं हरकत घेतली. ती रास्तच होती. ज्यांचें बालपण वाड्यांत गेलें त्यांना चौकांतला उजेड कसा असतो हें सांगावयास नको. तो आभाळांतून झिरपत येतो. भिंतीवर गडद सांवली पाडीत नाहीं. स्टुडिओच्या दिव्यांनीं मात्र एका माणसाच्या अनेक सांवल्या पडतात. अखेर चौकावर पांढरें कापड ताणलें, दिव्यांचे झोत खालून त्यावर सोडले, आणि परतून येणारा मंद उजेड चौकांत उतरला. भिंत आणि उजेड, दोन्हीं एकमेकांवांचून खोटीं ठरलीं असतीं.

‘जलसाघर’ (१९५८) साठीं निमतिता येथें पद्मेकाठचा खराखुरा जमीनदारी वाडा मिळाला. पण त्यांत जलशाचें मनाजोगें दालन नव्हतें. तें बन्सींनीं स्टुडिओंत उभारलें. बाहेर खरें, आंत रचलेलें. सांधा मात्र दिसत नाहीं. ‘चारुलता’ (१९६४) मधील एकोणिसाव्या शतकांतील बंगाली घरही असेंच रचलेलें. त्या घरांत चारू खिडकीच्या झडपांतून दुर्बिणीनें रस्ता पाहत हिंडते. घराची संपन्नता जसजशी नजरेंत भरते, तसतसें तिचें एकटेपण आपणांस अधिक जाणवतें.

पुढें बन्सी मुंबईस आले. हिंदी चित्रपटांसाठीं त्यांना तीन वेळां फिल्मफेअर पारितोषिक मिळालें; त्यांपैकीं ‘चक्र’चें पारितोषिक जाहीर झालें तेव्हां ते हयात नव्हते. १९८१ सालीं अमेरिकेंत त्यांचें निधन झालें.

ज्या हातांमुळें घर सुरळीत चालतें, त्यांची आठवण आपणांस कांहीं अडल्यावरच होते. पडद्यावरील घरांचेंही तसेंच आहे. पुढच्या वेळीं ‘अपराजितो’ पाहतांना वाचकांनीं क्षणभर माणसांवरून दृष्टि काढून त्या चौकांतल्या उजेडाकडे पाहावें, एवढीच आमची विनंति.