परदेशी पेशंट मोजले, बरे होऊन गेलेले मोजले का?

आजचा भाग जरा लांबलाय, पण तुम्ही तो बहुतेक लोकलमध्ये किंवा बसमध्येच ऐकणार, तेव्हा हरकत नाही. ज्यांचे हेडफोन हरवलेत त्यांच्यासाठी हा लिखित मजकूर. बोललोय तसाच ठेवलाय, फक्त माझे "अं... म्हणजे..." तेवढे काढलेत.

विषय आहे मेडिकल टुरिझम. म्हणजे उपचारासाठी परदेशातून भारतात येणारे पेशंट. खरं सांगू का, हा विषय मी शोधला नाही, तोच माझ्या शेजारच्या खुर्चीवर येऊन बसला.

झालं असं, की मावशीचं गुडघा बदलायचं ऑपरेशन होतं. मुंबईतलं मोठं हॉस्पिटल, नाव घेत नाही. ऑपरेशन थिएटरबाहेर बसलो होतो. मावशीला आत नेऊन दोन तास झालेले, मोबाइलची बॅटरी अकरा टक्क्यांवर. शेजारी माझ्याच वयाचा एक मुलगा. त्याच्याकडे पॉवर बँक होती, माझ्याकडे घरून आणलेल्या पोळी-भाजीचा डबा होता. मैत्री व्हायला एवढं पुरतं. तो टांझानियाचा, दार एस सलामचा. वडिलांच्या बायपाससाठी आलेला. दार एस सलामहून मुंबईला थेट विमान येतं, हे मला त्या दिवशी कळलं.

मी विचारलं, हेच हॉस्पिटल का निवडलंस? त्याने फोनवर एक व्हिडिओ दाखवला. तिकडच्या एजंटने पाठवलेला. चकचकीत लॉबी, कारंजं, हसणाऱ्या नर्स, आणि शेवटी डॉलरमधलं पॅकेज. एजंटने तीन हॉस्पिटलची कोटेशन दिली होती, त्यातलं मधलं यांनी घेतलं. "सगळ्यात स्वस्त घ्यायची भीती वाटली, महाग परवडत नव्हतं," म्हणाला. मग त्याने मला विचारलं, "तुम्ही तर इथलेच. तुम्ही कसं निवडलंत?"

आणि मी गप्प. कारण आमच्याकडे उत्तर होतं, शेजारच्या काकूंचा गुडघा इथेच झाला आणि त्या आता देवळाच्या पायऱ्या चढतात.

म्हणजे बघा. तो साडेचार हजार किलोमीटरवरून एक व्हिडिओ बघून आला, आणि मी दहा किलोमीटरवरून एका काकूंचा गुडघा बघून. या हॉस्पिटलात गेल्या वर्षी किती बायपास झाल्या, किती जणांना नंतर जंतुसंसर्ग झाला, किती जणांना परत थिएटरमध्ये न्यावं लागलं, यातलं दोघांनाही काहीही माहीत नव्हतं. आजचा भाग याच प्रश्नाबद्दल आहे. पण आधी थोडं मागे जाऊ.

आजारपणासाठी प्रवास करणं आपल्याला काही नवीन नाही. मिरज आठवा. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी डॉ. विल्यम वॉनलेस यांनी तिथे मिशन हॉस्पिटल उभं केलं, आणि पुढे त्या गावाची ओळखच दवाखान्यांचं गाव अशी झाली. कोकणातून, कर्नाटकातून माणसं मिरजेला "दाखवायला" येत. आजही परळला टाटा मेमोरियलच्या बाहेर उभे राहा. बिहार, बंगाल, आसामची कुटुंबं दिसतील. दादरच्या गाडगे महाराज धर्मशाळेत कॅन्सरचे पेशंट आणि त्यांचे नातेवाईक महिनोन्महिने राहतात. हेही उपचारासाठीचं प्रवासीपणच आहे. त्याला कोणी टुरिझम म्हणत नाही, कारण त्यात डॉलर नाहीत.

डॉलरवालं प्रकरण सुरू झालं ते साधारण २००२ नंतर. त्या वर्षीच्या राष्ट्रीय आरोग्य धोरणात एक गंमतशीर तरतूद आहे. परदेशी पेशंटवर परकीय चलनात केलेला उपचार हा निर्यातीसारखा धरावा आणि त्याला निर्यातीच्या सवलती मिळाव्यात. आंबा, कापूस, सॉफ्टवेअर आणि बायपास, एकाच रांगेत! मला आधी हसू आलं, पण पुढे जे झालं ते यातूनच समजतं. एखादी गोष्ट निर्यात म्हणून बघितली की तुम्ही काय मोजता? किती माल गेला आणि किती पैसे आले.

मग दोन गोष्टी जगभर गाजल्या. २००३ मध्ये दिल्ली-लाहोर बस पुन्हा सुरू झाली आणि तिच्यातून पाकिस्तानातली एक चिमुकली हृदयाच्या ऑपरेशनसाठी बंगळुरूला आली. आणि २००४ मध्ये अमेरिकेच्या नॉर्थ कॅरोलायनातला एक सुतारकाम करणारा माणूस हृदयाची झडप दुरुस्त करायला दिल्लीला आला. त्याच्याकडे विमा नव्हता. तिकडचा अंदाज होता सुमारे दोन लाख डॉलर. इथे प्रवास, राहणं सगळं धरून साधारण दहा हजारांत काम झालं. हे प्रकरण पुढे अमेरिकी सिनेटच्या समितीपुढेही सांगितलं गेलं. आपल्या हॉस्पिटलांना याहून चांगली जाहिरात कुठे मिळणार होती?

तेव्हाच, २००५ मध्ये, वेगळा मेडिकल व्हिसा आला. २०१७ मध्ये तो ऑनलाइन मिळायला लागला. आकडे वाढले. २००९ साली उपचारासाठी आलेले परदेशी होते साधारण १ लाख १२ हजार. २०१९ मध्ये जवळजवळ ७ लाख. कोविडच्या २०२० मध्ये एकदम पावणेदोन लाखांच्या आसपास, आणि २०२४ मध्ये पुन्हा ६ लाख ४० हजारांच्या वर.

इथे थांबून एक गोष्ट सांगायलाच हवी. जाहिरातीत गोरे आजी-आजोबा दिसतात. पण येणाऱ्यांत निम्म्याहून जास्त बांगलादेशी आहेत. ते कोलकात्याला, वेल्लोरला, चेन्नईला जातात. त्यानंतर इराक, येमेन, ओमान, आफ्रिकेतले देश. म्हणजे स्वस्त म्हणून येणारा अमेरिकी हा अपवाद. जास्तीत जास्त लोक येतात कारण त्यांच्या गावात ते ऑपरेशन होतच नाही, किंवा त्यांचा तिथल्या डॉक्टरांवर भरवसा नाही. म्हणूनच ऑगस्ट २०२४ मध्ये ढाक्यात सरकार उलथलं, भारताने व्हिसा आवळले, आणि कोलकात्यातल्या हॉस्पिटलांबाहेरची लॉज, औषधांची दुकानं, भातमासळीच्या खानावळी ओस पडल्या. त्या बातम्या वाचताना मला सारखं वाटत होतं, की ज्यांची केमो अर्धी राहिली ते कुठे गेले असतील? ते कोणत्याच आकड्यात नाहीत.

आणि हो, आपले लोक! दुबईतले काका, जर्मनीतली ताई. डिसेंबरमध्ये डोंबिवलीच्या डेंटिस्टकडे अपॉइंटमेंट मागून बघा. सगळ्या खुर्च्या एनआरआय मंडळींनी भरलेल्या असतात. लग्नाला आलोय, तर रूट कॅनल पण उरकून घेऊ. पासपोर्ट भारतीय असेल तर ही मंडळी या मोजणीत येतच नाहीत. थोडक्यात, हा आकडा देशाच्या दारावर मोजला जातो, दवाखान्यात नाही. माणूस कशासाठी आत आला ते कळतं. बाहेर जाताना कसा होता, ते नाही.

मग क्वालिटीचं काय? याचं ठरलेलं उत्तर आहे, "आमचं हॉस्पिटल अ‍ॅक्रेडिटेड आहे." दोन नावं तुम्ही ऐकली असतील. एक जेसीआय, म्हणजे अमेरिकेतली मान्यता देणारी संस्था. २००५ मध्ये दिल्लीच्या अपोलोला ती भारतात पहिल्यांदा मिळाली. दुसरी आपली एनएबीएच, साधारण तेव्हाच सुरू झालेली.

ही प्रमाणपत्रं म्हणजे नुसता देखावा, असं मी म्हणणार नाही. मावशीच्या वेळी मी स्वतः बघितलं. गोळी देण्याआधी नर्स दर वेळी नाव आणि नंबर विचारायची. मावशी वैतागली, "अगं, सकाळपासून मीच आहे ना इथे!" ऑपरेशनआधी कोणता गुडघा, त्यावर पेनने खूण. हात धुण्याची पद्धत, आग लागली तर बाहेर पडायची वाट, संमतीपत्र, नोंदी. यातली एकेक गोष्ट कुठेतरी कुणाचा तरी चुकीचा गुडघा कापला गेला म्हणून आलेली आहे. पण हे सगळं काय सांगतं? स्वयंपाकघर स्वच्छ आहे आणि कृती भिंतीवर लावलेली आहे. जेवण कसं झालं, हे त्यातून कळत नाही.

जेवण कसं झालं हे सांगता येतं का? येतं. न्यूयॉर्क राज्याने १९९० च्या सुमारास बायपासचे हॉस्पिटलवार मृत्यूदर लोकांसमोर ठेवायला सुरुवात केली, पुढे सर्जनवारही. कुणाकडे जास्त आजारी पेशंट येतात हे हिशोबात धरून. ब्रिटनमध्ये ब्रिस्टलच्या एका हॉस्पिटलात हृदयाच्या ऑपरेशननंतर लहान मुलं दगावत होती, त्याची मोठी चौकशी झाली, २००१ मध्ये अहवाल आला, आणि तिथेही हृदय सर्जनांचे निकाल जाहीर व्हायला लागले. याला दुसरी बाजू आहे, ती लपवत नाही. न्यूयॉर्कमध्ये टीका झाली की आपला आकडा बिघडू नये म्हणून काही सर्जन जास्त धोक्याचे पेशंट घ्यायला कचरतात. प्रश्न खरा आहे. तरीही मला वाटतं, वाकडा आरसा असला तरी तो आरसा नसण्यापेक्षा बरा.

आपल्याकडे आरसा नाही असंही नाही. मी मावशीच्या वॉर्डमध्ये विचारलं, इथे इन्फेक्शनचं प्रमाण किती? काउंटरवरच्या मुलीने माझ्याकडे असं बघितलं, जणू मी हॉटेलात जाऊन मालकाचं पॅनकार्ड मागितलं. पण रात्रपाळीच्या सिस्टर हळूच म्हणाल्या, "महिन्याच्या महिन्याला मोजतो आम्ही. आयसीयूच्या आत तक्ता लावलेलाय." म्हणजे मोजतात! मान्यता टिकवायची तर मोजावंच लागतं. फक्त तक्ता दाराच्या आतल्या बाजूला आहे.

दाराच्या बाहेर आणला की काय होतं, याची एक गोष्ट आहे. २००८ मध्ये स्वीडनमधल्या एका पेशंटमध्ये असा जंतू सापडला, की ज्यावर शेवटचं राखून ठेवलेलं अँटिबायोटिकही चालेना. तो पेशंट आधी दिल्लीत अ‍ॅडमिट होता, म्हणून शास्त्रज्ञांनी त्या जंतूतल्या एन्झाइमला नवी दिल्लीचं नाव दिलं, एनडीएम-१. ऑगस्ट २०१० मध्ये लॅन्सेटच्या संसर्गरोगांच्या नियतकालिकात मोठा पेपर आला. ब्रिटनमधल्या बाधित पेशंटपैकी काही जण भारत-पाकिस्तानात उपचार घेऊन गेले होते, असं त्यात होतं. आपल्याकडे काय प्रतिक्रिया आली? संसदेत गदारोळ. हा आपल्या मेडिकल टुरिझमविरुद्धचा कट आहे. शहराचं नाव देणं चुकीचं, ही तक्रार मलाही पटते. पण त्या गोंगाटात मुख्य प्रश्न मागे पडला. तो जंतू गोऱ्या पेशंटला चावायला जन्माला आला नव्हता. तो दिल्लीच्या वॉर्डांत होता, आणि २०११ मध्ये आलेल्या पुढच्या अभ्यासात तर तो दिल्लीच्या नळाच्या पाण्यातही सापडला. परदेशी माणूस ऑपरेशन करून निघून जातो. त्या वॉर्डमध्ये पुढचा नंबर आपल्या मावशीचा असतो.

त्यातून काही चांगलंही निघालं. २०१२ मध्ये डॉक्टरांच्या संघटनांनी एकत्र येऊन चेन्नई जाहीरनामा काढला, २०१४ पासून काही अँटिबायोटिक्सच्या विक्रीवर जास्त कडक नियम आले. म्हणजे बदनामीचा धक्का बसला तेव्हा हललो. हे मला थोडं लागतं, पण खरं आहे.

आता त्या टांझानियाच्या मुलाकडे परत येतो. बायपास व्यवस्थित झाली. नवव्या दिवशी डिस्चार्ज, मग थोडे दिवस गेस्ट हाउस, मग विमान. घरी पोचल्यावर आठवड्याभरात छातीची जखम लाल झाली, पाणी यायला लागलं. तिथल्या डॉक्टरने विचारलं, मुंबईत कोणती अँटिबायोटिक्स दिली होती, किती दिवस? डिस्चार्जच्या कागदावर दोन ओळी होत्या. हॉस्पिटलच्या को-ऑर्डिनेटरला व्हॉट्सअ‍ॅप केलं. दोन निळ्या टिका. उत्तर नाही. एजंटचा तर फोनच लागेना, त्याचं कमिशन पेशंट भरती होण्यावर असतं, बरा होण्यावर नाही. शेवटी त्याने मला मेसेज केला. मी दोन दिवस त्या हॉस्पिटलात चकरा मारल्या, मेडिकल रेकॉर्डच्या खिडकीवर अर्ज दिला, त्याच्या सहीचं पत्र मागवलं, आणि कागदांचा फोटो काढून पाठवला.

कायद्याने त्याला दाद मागता आली असती का? हो. १९९५ च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालापासून पैसे घेऊन दिलेला उपचार ग्राहक कायद्याखाली येतो. पण व्यवहारात त्यासाठी इथे पाठपुरावा करणारा कुणीतरी हवा. दार एस सलामहून कोण येणार?

म्हणून तुमच्या घरात कुणाचं ऑपरेशन ठरलं असेल, किंवा परदेशातला मित्र "इंडियात येऊ का" विचारत असेल, तर मी काय विचारायला सांगेन ते ऐका. हेच ऑपरेशन या सर्जनने गेल्या वर्षभरात किती केलं? त्यातल्या किती जणांना परत थिएटरमध्ये न्यावं लागलं? जखमेच्या संसर्गाचं प्रमाण किती, आणि ते लिहून द्याल का? घरी गेल्यावर फोन कोण उचलणार, त्या माणसाचं नाव काय? निघताना पूर्ण इनडोअर पेपर मागा, नुसता डिस्चार्ज कार्ड नाही. गुडघा, झडप, स्टेंट काही बसवलं असेल तर त्याच्या खोक्यावरचं स्टिकर फाइलमध्ये चिकटवलंय का ते बघा. काउंटरवर लोक विचित्र नजरेने बघतील. बघू देत. निम्म्या ठिकाणी उत्तर मिळणार नाही, पण कुठे मिळालं नाही हेही कळतं.

मावशी आता चालते. जिना उतरताना अजून कठडा धरते. गेल्या आठवड्यात आमच्या सोसायटीतल्या एक आजी तिला विचारत होत्या, कुठे केलंस गं ऑपरेशन, चांगलं झालं का? मावशी उत्साहाने हॉस्पिटलचं नाव सांगत होती.

आणि त्या मुलाचा परवा व्हॉइस नोट आला. वडिलांची जखम भरली, ते दुकानात बसायला लागलेत. मागे गाड्यांचे हॉर्न ऐकू येत होते, अगदी दादरसारखे. शेवटी त्याने विचारलंय, त्याच्या आत्याचे गुडघे दुखतात, तुझ्या मावशीच्या डॉक्टरचा नंबर देशील का? मी अजून उत्तर दिलेलं नाही. आधी तो आतला तक्ता बघायला मिळतो का, ते विचारायला उद्या जाणार आहे.