लहान शहरातली सुवर्णकन्या

हिंगोली, वसमत, कळमनुरीत मुलगी खेळात पुढे निघाली की घरात प्रश्न येतो: लहान गावात राहून हिचं पुढे काय होणार? ज्युदोपटू मायलिंदा केल्मेंदीची कारकीर्द पाहा. मुस्लिमबहुल कोसोवोतल्या पेया या लहान शहरात ती प्रशिक्षक द्रितोन कुका यांच्याकडे ज्युदो शिकली. २०१२च्या लंडन ऑलिम्पिकवेळी कोसोवोला मान्यता नव्हती, म्हणून ती अल्बानियाकडून खेळली. २०१३ आणि २०१४ मध्ये ती ५२ किलो वजनगटात विश्वविजेती झाली. २०१६ मध्ये रिओत तिने कोसोवोला पहिलं ऑलिम्पिक पदक मिळवून दिलं, तेही सुवर्ण. पुढे टोकियोत कुकांच्याच शिष्या दिस्त्रिया क्रास्निची आणि नोरा ग्याकोवा यांनी आणखी दोन सुवर्णपदकं जिंकली.

भगिनींनो, गाव लहान म्हणून वाट अडत नाही. जाणता उस्ताद हवा, आणि लेकीला रोज सरावाला पाठवणारं घर हवं.