नाव हरवतं, हिशेब नाही

आर्वीच्या बसस्थानकावर एखादा प्रवासी पाटी वाचतो, सुटे पैसे मोजून देतो. पण नाव-गाव विचारलं की गप्प. सोंग वाटणं साहजिक आहे. मात्र भाषा, सवयी, हिशेब यांची स्मृती वेगळी आणि ‘मी कोण’ ही वेगळी. असह्य ताणात मन फक्त या दुसऱ्या स्मृतीच्या कपाटाला कुलूप घालतं. आतलं सामान शाबूत राहतं. अमेरिकेतले धर्मोपदेशक अँसेल बोर्न १८८७च्या जानेवारीत घरून निघाले, नॉरिस्टाउनला ‘ब्राउन’ नावानं दुकान थाटलं आणि मार्चमध्ये भानावर आले, तेव्हा दुकानाचा पत्ताच नव्हता मनात! १८९० मध्ये मानसशास्त्रज्ञ विल्यम जेम्स यांनी त्यांना संमोहित केल्यावर ‘ब्राउन’ पुन्हा बोलला. म्हणजे आठवण पुसली गेली नव्हती.

अर्थात वाट चुकलेला प्रत्येक जण असा नसतो. ताणानं ओळख हरवण्याचा हा प्रकार दुर्मीळच. रस्त्यावरच्या मनोरुग्णांना घरी पोचवणाऱ्या कर्जतच्या ‘श्रद्धा’ संस्थेकडे येणाऱ्यांत स्किझोफ्रेनियासारखे आजार जास्त दिसतात. डोक्याला मार, फिट, उतरलेली साखर यांनीही भान जातं. म्हणून असं कुणी भेटलं, तर उलटतपासणी नको. पाणी द्या, आधी सरकारी दवाखान्यात न्या आणि पोलिसांना कळवा.