'सी' म्हणजे नेमके किती?
मोबाईलवरच्या बेसबॉलमधले दर्जे आणि त्यांच्या आतले आकडे

दर्जा हा शब्द आपल्या सीमाभागात दोन्ही भाषांत घरचा आहे. मराठीत दर्जा, कन्नडमध्ये दर्जे. कापडाला दर्जा, तांदळाला दर्जा, प्रगतिपुस्तकात दर्जा. आता मुलांच्या मोबाईलमधले खेळही दर्जे वाटू लागले आहेत. आपल्यासारख्या वडीलधाऱ्यांना त्यातले फारसे कळत नाही, म्हणून "ठेव तो फोन" एवढे म्हणून आपण मोकळे होतो. मीही कदाचित तेवढेच म्हटले असते. पण यंदाच्या सुट्टीत नातीच्या तोंडून एक वाक्य ऐकले आणि तिच्या शेजारी जाऊन बसलो.

माझी मुलगी धारवाडला दिलेली. जावई कन्नड, त्यामुळे नातीच्या तोंडी दोन्ही भाषा सारख्याच. लाडात असली की मी 'आजोबा', काही हवे असले की 'अज्जा'. ती आठवीत आहे आणि तिला बेसबॉलच्या मोबाईल-खेळाचे वेड लागले आहे. "अज्जा, टीम सीच्या वर जाईनाच बघा. चारशे नव्व्याण्णवचा पॅक घेतला तर बी होतंय," ती म्हणाली. मग हळूच पुढे, "तसं मी पण सीच की. गणितात सी, इथं पण सी."

पॅकचे पैसे हा एक प्रश्न होता. पण तेरा वर्षांची मुलगी 'मी सीच' असे म्हणते, हा त्याहून मोठा. मी आयुष्यभर गणित शिकवले आणि वीस वर्षे क्लब क्रिकेटच्या सामन्यांची गुणपत्रिका लिहिली. आकड्यांची भीती नाही. म्हटले, बघूया की, या 'सी'च्या पोटात काय दडले आहे ते.

अक्षरामागचा आकडा

बेसबॉल आपल्याला परका. थोडक्यात सांगायचे तर पिचर चेंडू टाकतो, बॅटर मारतो आणि एकापाठोपाठ चार बेस गाठून धाव पुरी करतो. नऊ डाव, प्रत्येक डावात तीन बाद. म्हणजे संघाजवळ एकूण २७ बाद असतात. क्रिकेटमध्ये दहा गडी जपायचे असतात, तसे इथे हे २७.

मोबाईलवरच्या अशा खेळांत प्रत्येक खेळाडूचे गुण वेगवेगळे मोजलेले असतात : चेंडू बॅटवर घेण्याची हातोटी, फटक्यातली ताकद, धावणे, फेक, झेल आणि अडवणूक. या गुणांना अक्षरे कशी मिळतात, हे जपानच्या कोनामी कंपनीच्या 'पॉवर प्रो' मालिकेत स्पष्ट दिसते. १९९४ मध्ये सुरू झालेल्या या मालिकेत ९० आणि त्यावर 'एस', ८० ते ८९ 'ए', ७० ते ७९ 'बी', ६० ते ६९ 'सी', ५० ते ५९ 'डी', ४० ते ४९ 'ई', २० ते ३९ 'एफ' आणि त्याखाली 'जी'.

आता गंमत बघा. ६० गुणांचा खेळाडू 'सी' आणि ६९ गुणांचाही 'सी'. दोघांत नऊ गुणांचे अंतर, पण अक्षर एकच. उलट ६९ आणि ७० यांत फक्त एका गुणाचा फरक, पण एक 'सी' आणि दुसरा 'बी'. नातीने पंधरा दिवस सराव करून एका खेळाडूला ६१ वरून ६८ वर नेले होते. अक्षर हलले नाही म्हणून तिला वाटत होते की काहीच झाले नाही. मी तिला आकडा दाखवला. "हौदल्ला!" ती ओरडली. सात गुणांची मेहनत एका अक्षराने झाकून ठेवली होती.

म्हणून पहिला नियम : अक्षरावर थांबू नये. त्यावर बोट ठेवून आतला आकडा उघडावा. बहुतेक खेळांत तो कुठे ना कुठे दिलेला असतोच.

कुणाच्या तुलनेत?

अमेरिकेतल्या व्यावसायिक संघांसाठी नवे खेळाडू हेरणाऱ्या निरीक्षकांची एक जुनी मोजपट्टी आहे, २० ते ८० ची. 'आउट ऑफ द पार्क बेसबॉल' या संगणकावरच्या खेळानेही ती घेतली आहे. तीत ५० म्हणजे अर्धे गुण नव्हेत. ५० म्हणजे मेजर लीगमधला सरासरी खेळाडू, जगातल्या सर्वांत कडव्या स्पर्धेतला सरासरी! धावण्याचे उदाहरण घ्या. फटका मारून पहिला बेस गाठायला सुमारे साडेसत्तावीस मीटर धावावे लागते. उजव्या हाताच्या बॅटरला त्यासाठी साधारण ४.३ सेकंद लागले तर ५०, आणि चार सेकंदांत पोहोचला तर थेट ८०. दोघांत अंतर जेमतेम डोळ्याची पापणी लवण्याएवढे.

आपल्या डोक्यात मात्र शाळेतले ३५ गुण म्हणजे पास हे गणित पक्के बसलेले. त्यामुळे ५० दिसले की आपण नाक मुरडतो. दर्जा कोणाशी तुलना करून दिला आहे, हे कळल्याशिवाय तो चांगला की वाईट हे ठरत नाही.

दुसरी गोष्ट, एकच अक्षर सगळ्या जागांना लागू पडत नाही. बॅटरच्या मागे बसणाऱ्या कॅचरला पायात वेग कमी असला तरी चालतो. त्याची फेक आणि चेंडू अडवणे मात्र चोख हवे. दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मध्ये उभा राहणारा शॉर्टस्टॉप चपळ हवा. आपल्याकडचे एक उदाहरण सांगतो. २००८ मध्ये 'मिलियन डॉलर आर्म' नावाच्या दूरचित्रवाणी स्पर्धेतून उत्तर प्रदेशचे रिंकू सिंग आणि दिनेश पटेल हे दोघे निवडले गेले. दोघेही भालाफेकपटू, बेसबॉल त्यांनी कधी खेळलेला नव्हता. त्याच वर्षी पिट्सबर्ग पायरेट्स संघाने त्यांना करारबद्ध केले. त्यांच्याजवळ एकच गुण वरच्या दर्जाचा होता, खांद्यातला जोर. बाकी सगळे तिथे जाऊन शिकावे लागले. दोघेही मेजर लीगपर्यंत पोहोचले नाहीत, पण त्या एका गुणाने त्यांना अमेरिकेतल्या व्यावसायिक बेसबॉलची दारे उघडून दिली. सगळ्या गुणांची सरासरी काढून एकच अक्षर दिले असते, तर त्यांच्याकडे कुणी पाहिलेही नसते.

किती डावांवरून?

सामना संपला की नातीच्या फोनवर त्या सामन्याचाही दर्जा येतो. एक दिवस 'ए', दुसऱ्या दिवशी 'डी'. 'डी' आला की जेवताना तोंड पाडून बसणार. तिची आजी म्हणायची, "त्या खेळानं पोरीचा घास कडू केला."

इथे माझी जुनी गुणपत्रिका कामी आली. बेसबॉलमध्ये फलंदाजीची सरासरी म्हणजे यशस्वी फटके भागिले फटक्याच्या संधी. .३०० सरासरीचा बॅटर उत्तम समजला जातो, .२५० चा साधारण. आता २० संधींचा हिशोब करा. पहिल्याचे ६ फटके, दुसऱ्याचे ५. फरक एका फटक्याचा! आणि २० संधींत दोन-तीन फटके इकडे-तिकडे होणे ही निव्वळ नशिबाची बाब. तेव्हा आठवडाभर बघूनही दोघांतला चांगला कोण, हे सांगता येत नाही. पण ५०० संधींत १५० विरुद्ध १२५, म्हणजे पंचवीस फटक्यांचा फरक. तो डोळ्यांत भरतो. ज्या टेड विल्यम्सने १९४१ च्या हंगामात .४०६ ची सरासरी गाठली, तोही दहा संधींत सुमारे सहा वेळा अपयशीच ठरत होता. त्यानंतर अमेरिकन किंवा नॅशनल लीगच्या पूर्ण हंगामात .४०० कुणालाच गाठता आलेले नाही.

मग आम्ही ठरवले की एका सामन्याचा दर्जा बघायचाच नाही. दहा सामने झाले की एकदा बघायचा.

सुधारायचे कुठे?

मी तिला शंभर पानी वही दिली. प्रत्येक संधीला एक खूण : फटका घाईने मारला, उशिरा मारला, की न मारण्यासारख्या चेंडूवर बॅट फिरवली. चार दिवसांत चित्र स्वच्छ झाले. तिची निम्म्याहून जास्त बाद होणी खाली आणि बाहेर जाणाऱ्या चेंडूंवर होती. हात कमजोर नव्हता, धीर कमी होता.

बेसबॉलमध्ये धीराला किंमत आहे. गुडघ्यापासून छातीपर्यंतच्या ठरलेल्या चौकटीबाहेर चार चेंडू सोडले की बॅटर आपसूक पहिल्या बेसवर जातो. त्याला वॉक म्हणतात. फलंदाजीच्या सरासरीत वॉक धरत नाहीत. एक हिशोब मांडून बघू. शंभर वेळा खेळायला आलेल्या एका बॅटरने १० वॉक घेतले आणि उरलेल्या ९० संधींत २५ फटके मारले. सरासरी .२७८. दुसऱ्याने २ वॉक घेतले आणि ९८ संधींत २९ फटके मारले. सरासरी .२९६. सरासरीवर दुसरा सरस दिसतो. पण बेसवर पहिला ३५ वेळा पोहोचला, दुसरा ३१ वेळा. मर्यादित २७ बाद जपून वापरायचे असतील तर पहिलाच उपयोगी. अमेरिकेतल्या ओकलंड संघाने हे ओळखून कमी पैशांत संघ बांधला आणि २००२ मध्ये १०३ सामने जिंकले, त्यातले २० सलग. मायकेल लुईस यांचे 'मनीबॉल' हे २००३ चे पुस्तक त्यावरच आहे.

नातीने आठवडाभर एकच सराव केला, पहिला चेंडू सोडायचा. तेवढ्याने चौकट कुठे सुरू होते हे डोळ्यांना कळू लागले. मग वेळ साधायची. उजव्या हाताच्या बॅटरने घाई केली की चेंडू डावीकडे जातो, उशीर केला की उजवीकडे. वहीतल्या खुणा पाहून ती बोट लावायची वेळ जुळवू लागली. फोन बॅटरी वाचवण्याच्या मोडवर असला की चित्र अडखळते, तो मोडही बंद केला.

सरावाचे गुण कुठे खर्चायचे हाही प्रश्न असतो. अशा बऱ्याच खेळांत वरच्या पायरीला किंमत जास्त पडते. 'ए'चा 'एस' करायला जेवढे गुण लागतात, तेवढ्यात दोन-तीन 'डी' सहज 'सी' होतात. तेव्हा खेळाडूच्या जागेला लागणारा, पण सध्या कमी असलेला गुण आधी उचलावा.

पॅकचा हिशोब

राहिला चारशे नव्व्याण्णवचा पॅक. त्यात कोणता खेळाडू निघेल हे नशिबावर असते. समजा, हव्या त्या खेळाडूची शक्यता शंभरात एक आहे. मुलांना वाटते की शंभर वेळा उघडले की तो मिळणारच. गणित सांगते की शंभर वेळा उघडूनही शंभरातल्या सुमारे ३७ मुलांच्या हाती तो लागणार नाही. या प्रकारावर इतर देशांनी लगाम घातले आहेत. तुकडे जमवून बक्षीस पुरे करण्याचा एक प्रकार जपानमध्ये २०१२ साली बंद झाला. ॲपलने आपल्या दुकानातल्या खेळांना २०१७ च्या डिसेंबरपासून शक्यता जाहीर करायला लावल्या, आणि दक्षिण कोरियात मार्च २०२४ पासून तसा कायदाच आहे. म्हणून खरेदीआधी मुलांसोबत बसून तो शक्यतेचा तक्ता वाचावा. नातीने वाचला, आणि "ब्याड अज्जा, बेडच," असे स्वतःच म्हणाली.

पॅकने कार्डावरचा दर्जा वाढतो. खेळणाऱ्या बोटाचा आणि डोळ्याचा नाही. नातीच्या संघाचे अक्षर सुट्टी संपेपर्यंत 'सी'च राहिले. पण दहा सामन्यांत तीन जिंकणारी मुलगी सहा जिंकू लागली.

मग तिचा गणिताचा पेपर मागवला. दप्तराच्या तळाशी चुरगळून पडलेला होता. त्यावरही आम्ही तशाच खुणा केल्या. बीजगणित जवळजवळ पूर्ण बरोबर होते. गुण गेले होते ते शाब्दिक उदाहरणांत, आणि तेही प्रश्न पुरा न वाचताच आकडेमोड सुरू केल्यामुळे. तिने वर बघितले. "इथं पण पहिला बॉल सोडायचा काय?" मी मान हलवली. त्या दिवसापासून शाब्दिक उदाहरण दोनदा वाचल्याशिवाय तिचे पेन टेकत नाही. पुढच्या परीक्षेत अक्षर बदलेल की नाही, मी सांगू शकत नाही. पण 'मी सीच' हे वाक्य मात्र नंतर ऐकू आले नाही.

तुमच्याही घरात एखादे मूल असा खेळ खेळत असेल, तर एक संध्याकाळ त्याच्या शेजारी बसा आणि त्यालाच शिकवायला सांगा. मराठीत सांगो वा कन्नडमध्ये. दर्जा दिसला की तीन प्रश्न विचारा : आतला आकडा किती, तुलना कुणाशी, आणि किती डावांवरून? एक साधी वही आणि पेन्सिल जवळ असू द्या. आणि जमले तर तेच तीन प्रश्न घेऊन एकदा त्याचे प्रगतिपुस्तकही दोघांनी मिळून उघडा.