हेनी पोर्टन : शब्दांवाचूनचा अभिनय

मूकपटातील अभिनय म्हणजे अतिरंजित हावभाव, असा एक समज रूढ आहे. जर्मन अभिनेत्री हेनी पोर्टन (१८९०–१९६०) हिच्या कारकिर्दीच्या आधारे हा समज कितपत टिकतो, ते आपण पाहू.

हेनीचा जन्म माग्देबुर्गचा. वडील फ्रान्झ पोर्टन हे ऑपेरागायक. १९०६ च्या सुमारास बर्लिनमधील निर्माता ओस्कार मेस्टर याच्या ‘ध्वनिचित्रां’तून ती प्रथम पडद्यावर आली. ध्वनिचित्र म्हणजे दोन-चार मिनिटांची फीत. चित्रगृहात ग्रामोफोनवर गाणे वाजे आणि पडद्यावरील नट त्याबरहुकूम ओठ हलवीत. आवाज दुसऱ्याचा, देह आपला! पुढे मूकपटाची नायिका म्हणून गाजलेल्या अभिनेत्रीचे शिक्षण अशा ‘बोलत्या’ चित्रांत व्हावे, ही गंमतच म्हटली पाहिजे. पण या कामातून लय आणि चेहऱ्याची हालचाल यांवर तिची पकड बसली असावी.

त्या काळी चित्रपटात नटांची नावे देण्याची प्रथा नव्हती. १९११ मध्ये तिची बहीण रोझा हिने लिहिलेल्या कथेवरील चित्रपटात हेनीने एका अंध मुलीची भूमिका केली आणि प्रेक्षकांचे कुतूहल तिच्याभोवती एकवटले. जर्मन चित्रपटाच्या पहिल्या ‘तारकां’मध्ये तिची गणना होते. तिचा पहिला पती, दिग्दर्शक कुर्ट स्टार्क, १९१६ मध्ये महायुद्धात मारला गेला.

१९२० मध्ये एर्न्स्ट लुबिच याने तिला दोन अगदी भिन्न चित्रपटांत घेतले. ‘ॲना बोलीन’मध्ये ती इंग्लंडची दुर्दैवी राणी झाली, तर ‘कोलहीझेलच्या मुली’ या प्रहसनात एक देखणी आणि एक दांडगट अशा दोन्ही बहिणी तिनेच रंगविल्या. दोन्हींत तिच्यासमोर एमिल यानिंग्स होता.

साहित्याच्या विद्यार्थ्याने मात्र तिचा ‘मागचा जिना’ (१९२१) अवश्य पाहावा. पटकथा कार्ल मायरची, दिग्दर्शन लेओपोल्ड येस्नर व पॉल लेनी यांचे. एक मोलकरीण दूर गेलेल्या प्रियकराच्या पत्राची वाट पाहते. तिच्यावर मूकपणे प्रेम करणारा अपंग पोस्टमन (फ्रिट्झ कोर्टनर) ती पत्रे मध्येच अडवतो. प्रियकर परततो, पोस्टमन त्याचा खून करतो आणि ती छपरावरून स्वतःला झोकून देते. कथानक भडक आहे, यात शंका नाही. तरीही या चित्रपटात पडद्यावर लिखित मजकूर जवळजवळ नाही. संवादही नाही, निवेदनही नाही. नायिकेची प्रतीक्षा तिच्या रोजच्या कामांतून, जिन्याकडे वळणाऱ्या नजरेतून आणि जड होत गेलेल्या चालीतून कळते. कथेत पत्र हे शब्दांचे वाहन आणि तेच पोहोचत नाही; ज्या माध्यमात शब्दच नाहीत, तेथे या कथेला दुहेरी अर्थ येतो. पोर्टनचा अभिनय येथे हातचा राखलेला आहे, आणि म्हणूनच तो परिणाम करतो.

बोलपट आल्यावर तिची कारकीर्द एकदम संपली नाही. १९३० मध्ये पाब्स्टच्या दिग्दर्शनाखाली तिने बोलपटात काम केले. परंतु राणी लुईजेवरील १९३१ च्या बोलपटाने तिच्या निर्मितिसंस्थेला आर्थिक गर्तेत लोटले. खरा आघात १९३३ नंतरचा. तिचा दुसरा पती, डॉक्टर विल्हेल्म फोन काउफमान, ज्यू वंशाचा होता. नाझी राजवटीत घटस्फोट घेणे हा कारकीर्द वाचविण्याचा सरळ मार्ग होता. तो तिने नाकारला. उघड बंदी आली नाही, पण भूमिका आटत गेल्या. पाब्स्टच्या ‘कोमेडिआंटन’ (१९४१) सारखी एखादीच उल्लेखनीय भूमिका मिळाली.

युद्धानंतर पश्चिमेकडील निर्मात्यांनी तिला फारसे विचारले नाही. १९५४ व १९५५ मध्ये तिला मुख्य भूमिका दिल्या त्या पूर्व जर्मनीच्या ‘डेफा’ या सरकारी चित्रसंस्थेने. त्यांपैकी पहिल्या चित्रपटात ती सर्कसची मालकीण झाली होती. पती १९५९ मध्ये वारला. पुढच्याच वर्षी, १५ ऑक्टोबर १९६० रोजी, बर्लिनमध्ये तिचे निधन झाले.