विम्बल्डनवर जिंकलेली पहिली भारतीय स्त्री : लीला राव

मी टेनिसचे मैदान अजून प्रत्यक्ष पाहिलेले नाही. आपल्या मूल गावी माझा खेळ म्हणजे शाळेतला खो-खो. मग हा लेख मी का लिहावा? त्याचे असे झाले, की ग्रंथालयात मी पंडिता क्षमा राव या संस्कृत कवयित्रीविषयी वाचीत होते. वाचता वाचता कळले, की त्यांची मुलगी विम्बल्डनला खेळली आणि तेथे सामना जिंकणारी पहिली भारतीय स्त्री ठरली. सानिया मिर्झाचे नाव आपण सारेच जाणतो. हे नाव मात्र मी कधी ऐकलेले नव्हते.

लीला राव यांचा जन्म १९११ साली मुंबईत झाला. वडील राघवेंद्र राव हे डॉक्टर. आईचे घराणे विद्वानांचे. आजोबा शंकर पांडुरंग पंडित हे अथर्ववेदाचे संपादन करणारे नामवंत पंडित होते. ते १८९४ साली वारले, तेव्हा क्षमाबाई अगदी लहान होत्या. पुढे क्षमाबाईंनी गांधीजींच्या लढ्यावर 'सत्याग्रहगीता' हे संस्कृत काव्य रचले. ते १९३२ साली पॅरिसला छापले गेले. तुकाराम, रामदास व ज्ञानेश्वर यांची चरित्रेही त्यांनी संस्कृत श्लोकांत लिहिली. याच क्षमाबाई टेनिसही उत्तम खेळत. एका हातात लेखणी व दुसऱ्या हातात रॅकेट असलेली आई लीलाबाईंना घरातच लाभली होती.

आता १९३४ च्या सामन्याकडे वळू. पहिल्या फेरीत २२ वर्षांच्या लीलाबाईंसमोर इंग्लंडच्या ग्लॅडिस साउथवेल होत्या. स्त्रियांच्या सामन्यात तीनपैकी दोन सेट जिंकावे लागतात. सेट जिंकण्यासाठी सहा गेम हवेत आणि प्रतिस्पर्ध्यावर निदान दोन गेमची आघाडी हवी. आज सेट बरोबरीत अडला की टायब्रेकर खेळून निकाल लावतात. त्या काळी ती सोय नव्हती. विम्बल्डनवर ती १९७१ साली आली. त्यामुळे दोन गेमची आघाडी मिळेपर्यंत खेळतच राहावे लागे.

लीलाबाईंनी पहिला सेट ४-६ असा गमावला. दुसरा गमावला असता तर सामनाच संपला असता. तो लांबत लांबत १८ गेमपर्यंत गेला आणि त्यांनी १०-८ असा जिंकला. तिसरा सेट ६-२. नुसते आकडे पाहिले तरी ध्यानात येते, की खरा सामना मधल्या सेटमध्येच जिंकला गेला. दुसऱ्या फेरीत त्या हरल्या. १९३५ साली पुन्हा गेल्या, तेव्हा पहिल्याच फेरीत हरल्या. देशात मात्र अखिल भारतीय अजिंक्यपद त्यांनी अनेकदा पटकाविले.

१९४३ साली त्यांचा विवाह हरीश्वर दयाळ यांच्याशी झाला. दयाळ हे सनदी अधिकारी होते व पुढे नेपाळमध्ये भारताचे राजदूत झाले. लीलाबाईंनी भारतीय नृत्यावर ग्रंथ लिहिले, संस्कृत नाटके लिहिली. खेळाडू म्हणजे अभ्यासात मागे, ही आपली समजूत त्यांनी केव्हाच खोटी ठरविली आहे.

कोणी म्हणेल, 'त्या श्रीमंत घरच्या. आपला त्यांचा काय संबंध?' हा प्रश्न मलाही पडला, आणि तो खोटा नाही. डॉक्टरांच्या घरी रॅकेट होती, पुस्तके होती, परदेशी जाण्याची ऐपत होती. माझी आई दुसऱ्यांच्या बांधीत रोवणीला जाते. तिला सही करता येते, तेवढेच. आमच्या घरातून महाविद्यालयाची पायरी चढणारी मी पहिली. तेव्हा लीलाबाईंची गोष्ट हालअपेष्टांवर मात केल्याची आहे, असे मी म्हणणार नाही. पण ऐपत असलेल्या घरांतूनही त्या काळी किती मुली मैदानावर गेल्या? पैसा पुष्कळांकडे होता. मुलीला खेळू देणारी आई थोड्यांकडे होती.

हे लिहिताना मला एक गोष्ट कबूल केली पाहिजे. यंदा आंतरमहाविद्यालयीन खो-खोसाठी माझे नाव निघाले होते. दोन दिवस बाहेरगावी राहावे लागणार होते. घरी चालणार नाही, असे मीच ठरविले आणि नकार देऊन मोकळी झाले. परवा आईला लीलाबाईंची गोष्ट सांगितली. ती धान पाखडत होती. सगळे ऐकून म्हणाली, "मंग तू काहून नाही गेली? मले तं इचारलंच नाही."

तिचे खरे होते. मी विचारलेच नव्हते. दार बंद आहे असे समजून मी ते ढकलूनही पाहिले नाही. माझ्या वर्गातील किती मैत्रिणींचे असेच झाले असेल, कोण जाणे! त्यांना एवढेच सांगावेसे वाटते, की पुढच्या वर्षी नावे निघतील तेव्हा नकार देण्यापूर्वी घरी एकदा विचारून पाहा. मी तर विचारणारच आहे.

— बी. ए. भाग २